थॅनॉसचा हिशोब आणि आपला दुष्काळ

(हे एपिसोडचं शब्दांकन आहे. बोलताना आलेले ‘म्हणजे’ आणि ‘तर’ थोडे कमी केलेत, बाकी जसं बोललो तसंच ठेवलंय. प्रवासात असाल, नेट कमी असेल, तर वाचूनही काम भागेल.)

आजचा विषय आहे ‘अ‍ॅव्हेंजर्स: इन्फिनिटी वॉर’. पिक्चर भारतात २७ एप्रिल २०१८ ला आला, त्यामुळं स्पॉयलरची काळजी आता मी करणार नाही. ‘एंडगेम’चा शेवटही सांगणार आहे. कुणी बघितला नसेल तर इथंच पॉज करा, बघून या, मी कुठं जात नाही.

आज हिरोंपेक्षा व्हिलनबद्दल जास्त बोलायचंय. एक वाक्य मी कितीदा ऐकलंय त्याला गणती नाही. नळाला पाणी येत नाही, टँकरपाशी भांडण लागतं, आणि बाजूला उभा असलेला एखादा पोरगा मोबाईलमधून मान वर न करता म्हणतो, “थॅनॉस तसा बरोबरच होता बे. लोकं लई झालीत.” सगळे हसतात. कुणी उलटं बोलत नाही.

मला ते वाक्य आज गंभीरपणे घ्यायचंय. थॅनॉसला नक्की काय पाहिजे होतं? पिक्चर त्याला काय उत्तर देतो? आणि तिसरा प्रश्न, ज्यासाठी हा एपिसोड केलाय: हा हिशोब आपल्या भागात खरोखर कुणी करून बघितला तेव्हा काय झालं? कारण करून बघितला होता.

०२:१० — पिक्चर नक्की कुणाचा आहे?

अडीच तासांचा पिक्चर. त्यात आयर्न मॅन, थॉर, कॅप्टन अमेरिका, ब्लॅक पँथर, स्पायडर मॅन, डॉक्टर स्ट्रेंज, सगळे गार्डियन्स. लग्नाच्या पंगतीसारखी गर्दी. एवढ्या लोकांची गोष्ट एकत्र सांगायची तर मधे एक खांब लागतो, ज्याला सगळे दोर बांधता येतील. दिग्दर्शक अँथनी आणि जो रुसो यांनी तो खांब केला थॅनॉसला.

एखाद्या नायकाची गोष्ट कशी असते बघा. त्याचं एक ध्येय असतं. त्यासाठी तो गावोगाव फिरतो, एकेक वस्तू मिळवतो, वाटेत आपलं सगळ्यात जवळचं माणूस गमावतो, आणि शेवटी ध्येय गाठून शांत बसतो. आता सांगा, ‘इन्फिनिटी वॉर’मध्ये हे सगळं कोण करतं? थॅनॉस. सहा मणी तोच गोळा करतो. पडद्यावर सगळ्यात जास्त वेळ तोच दिसतो. शेवटच्या शॉटमध्ये सूर्याकडं बघत समाधानानं तोच बसतो. मार्व्हलच्या पिक्चरमध्ये शेवटी अमुक हिरो परत येणार असं लिहून येतं. इथं लिहून आलं, थॅनॉस परत येणार.

जॉश ब्रोलिननं त्याला आवाज दिला तोही दमलेल्या, समजूतदार माणसाचा. आपल्या पूर्व भागातल्या ज्या मित्रांनी तेलुगूतून बघितला त्यांनी राणा दग्गुबातीचा आवाज ऐकला, म्हणजे भल्लालदेवच. मग हा माणूस बोलायला लागला की आपण ऐकतो. आणि ऐकता ऐकता मान डोलवतो. तिथंच आपण फसतो.

०४:४५ — मूळ थॅनॉस वेगळा होता

कॉमिक्समधला थॅनॉस जिम स्टार्लिननं १९७३ मध्ये आणला. १९९१ च्या ‘इन्फिनिटी गाँटलेट’ मालिकेत तो अर्धं विश्व संपवतो, पण कारण ऐकाल तर हसाल. तो मृत्यूच्या प्रेमात पडलेला असतो. तिथं मृत्यू ही एक बाई आहे आणि तिला खूश करायला हा एवढा उद्योग करतो. म्हणजे एकतर्फी प्रेमातला येडा, फक्त त्याच्या हातात सहा मणी आहेत.

पिक्चरवाल्यांनी हे कारण काढून टाकलं आणि त्या जागी टंचाई घातली. त्याचा ग्रह टायटन. तिथं खाणारी तोंडं वाढली, पुरवठा कमी पडला. थॅनॉस म्हणाला, अर्धे लोक कमी करू. गरीब-श्रीमंत असा भेद करायचा नाही, चिठ्ठी टाकल्यासारखं. लोकांनी त्याला वेड्यात काढलं. मग ग्रहच उद्ध्वस्त झाला. तेव्हापासून तो प्रत्येक ग्रहावर जाऊन तेच करतोय आणि स्वतःला विश्वाचा तारणहार समजतोय.

लिहिणाऱ्यांच्या बाजूनं बघितलं तर हा बदल फार हुशारीचा आहे. चांगला व्हिलन लिहायची एक रीत आहे: प्रश्न खरा द्यायचा आणि उत्तर भयंकर द्यायचं. त्याच वर्षी आलेल्या ‘ब्लॅक पँथर’मधला किलमाँगर तसाच आहे. त्याचा राग खरा, त्याचा मार्ग रक्ताचा. प्रश्न खरा असला की प्रेक्षक पहिल्या अर्ध्या वाक्याला ‘हो’ म्हणतो. आणि एकदा ‘हो’ म्हटलं की दुसरं अर्धं वाक्य घशाखाली उतरायला सोपं जातं.

ते किती सोपं गेलं बघा. रेडिटवर ‘थॅनॉसचं काही चुकलं नाही’ अशा अर्थाच्या नावाचा एक ग्रुप निघाला. जुलै २०१८ मध्ये त्या ग्रुपनं आपल्याच अर्ध्या सभासदांना चिठ्ठी टाकल्यासारखं बाहेर काढलं. लाखो लोक. आणि लोक त्यात आपलं नाव निघावं म्हणून वाट बघत होते. गंमत म्हणून ठीक आहे. पण विचार कसा पसरतो ते त्यातून कळतं.

०७:२० — हिरोंपुढचा प्रश्न

आता दुसरी बाजू. या पिक्चरमध्ये जवळजवळ प्रत्येक हिरोला एकच प्रश्न विचारलाय, पुन्हा पुन्हा. एक जीव देशील का, बाकीच्यांसाठी?

लोकी भावाला वाचवायला टेसरॅक्ट काढून देतो. गमोरा बहिणीचे हाल बघवत नाहीत म्हणून सोल स्टोनचा पत्ता सांगते. डॉक्टर स्ट्रेंज टोनीसाठी टाइम स्टोन देतो. व्हिजन स्वतः म्हणतो, मला मारा आणि माझ्या कपाळातला मणी फोडा. तेव्हा कॅप्टन अमेरिका सांगतो, आपण जिवांचा असा सौदा करत नाही.

पिक्चरचं सार त्या एका ओळीत आहे. एका बाजूला सौदा करणारा, दुसऱ्या बाजूला सौदा नाकारणारे. आणि पहिल्या पिक्चरमध्ये नाकारणारे हरतात.

पण बारकाईनं बघितलं तर फक्त नाकारणारेच नाहीत. क्विल गमोराला दिलेला शब्द पाळायला चाप ओढतो, बंदुकीतून बुडबुडे निघतात. वांडा व्हिजनला स्वतःच्या हातानं संपवते आणि थॅनॉस काळ मागं फिरवून त्याला पुन्हा मारतो. म्हणजे त्याग करूनही ते हरतात.

थॅनॉसचाही ‘त्याग’ आहे. वॉर्मिरवर तो गमोराला कड्यावरून ढकलतो आणि त्याच्या डोळ्यात पाणी येतं. खूप लोकांना त्या सीनमध्ये त्याची दया आली. मला वाटतं, तिथं एक साधा प्रश्न विचारला पाहिजे. त्याग कुणाचा? जीव गेला गमोराचा. तिला कुणी विचारलं नाही. दुसऱ्याला कड्यावरून ढकलायचं आणि रडायचं आपण, याला त्याग म्हणत नाहीत.

हा प्रश्न आपल्या जिल्ह्याला नवीन नाही. उजनी धरण झालं तेव्हा करमाळा, इंदापूर बाजूची गावं पाण्याखाली गेली. उन्हाळ्यात धरण आटलं की पळसदेवचं जुनं देऊळ वर येतं, लोक तिथं रील काढायला जातात. त्या पाण्यावर आपण जगतो, मीही जगतो. पण ‘विकासासाठी त्याग केला’ हे वाक्य ऐकलं की मी तोच प्रश्न विचारतो. कुणी केला? आणि ज्यांनी केला त्यांना विचारलं होतं का?

१०:०५ — चला, चुटकी वाजवूनच बघू

पिक्चरमध्ये एक गोष्ट खटकते. थॅनॉसला कुणी धड उत्तरच देत नाही. गमोरा म्हणते, असंच होईल हे तुला काय माहीत? एवढंच. बाकी सगळे त्याला ठोसे मारतात. ठोसा हे उत्तर नाही. म्हणून उत्तर आपण काढू, तेही त्याच्याच भाषेत, गणितात.

२०१८ मध्ये जगाची लोकसंख्या साधारण ७६० कोटी होती. अर्धी केली, राहिले ३८० कोटी. आता जगात ३८० कोटी लोक कधी होते? १९७१-७२ च्या आसपास. म्हणजे थॅनॉसनं आयुष्यभर युद्धं केली, पोटच्या पोरीसारखी वाढवलेली मुलगी मारली, सहा मणी मिळवले, आणि जगाला नेऊन कुठं ठेवलं? शेहेचाळीस वर्षं मागं. माणसं तशीच वागत राहिली तर आणखी तेवढ्याच वर्षांनी परत जिथल्या तिथं.

आता हेच महाराष्ट्राला लावू. २०११ च्या जनगणनेत आपण ११ कोटी २४ लाख. अर्धे म्हणजे ५ कोटी ६२ लाख. १९७१ च्या जनगणनेत महाराष्ट्र किती होता? ५ कोटी ४ लाख. म्हणजे चुटकी वाजल्यावर जेवढे उरले असते त्याहूनही कमी.

तर थॅनॉसच्या हिशोबानं १९७२ चा महाराष्ट्र कसा असायला पाहिजे होता? भरल्या पोटाचा. निळं आकाश, सगळ्यांना पुरून उरेल एवढं धान्य. घरात आजी-आजोबा असतील तर त्यांना ‘बहात्तर साल’ एवढे दोनच शब्द म्हणून बघा. ते लाल मिलोबद्दल सांगतील, सुकडीबद्दल सांगतील, खडी फोडून हाताला आलेल्या फोडांबद्दल सांगतील. विसाव्या शतकातला महाराष्ट्राचा सगळ्यात लक्षात राहिलेला दुष्काळ नेमका तेव्हा पडला, जेव्हा आपण आजच्या निम्म्याहून कमी होतो.

एवढ्यावरच थॅनॉसचा फॉर्म्युला आपटला. माणसं निम्मी असतानाही टंचाई होती, मग टंचाईचं कारण निव्वळ माणसांची संख्या कसं असेल?

आणखी एक. चुटकीत फक्त खाणारी तोंडं जात नाहीत. शेतकरी अर्धे, ट्रक चालवणारे अर्धे, नर्स अर्ध्या, पंप दुरुस्त करणारे अर्धे. पिक्चर म्हणतो अर्धे जीव, म्हणजे गुरंढोरंही आली. तोंड एक असलं तरी माणसाला हात दोन असतात. थॅनॉस तोंडं मोजतो, हात मोजायला विसरतो. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढं कामाला येणार आहे.

१३:३० — १८७७: हा हिशोब इथं आला होता

थॅनॉसच्या डोक्यातली कल्पना मार्व्हलची नाही. ती दोनशेहून जास्त वर्षं जुनी आहे. थॉमस माल्थस नावाच्या इंग्रज पाद्र्यानं १७९८ मध्ये निबंध लिहिला. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की माणसं धान्यापेक्षा वेगानं वाढतात, आणि मग दुष्काळ, रोगराई येऊन हिशोब बरोबर करतात. हाच माल्थस १८०५ पासून मरेपर्यंत ईस्ट इंडिया कंपनीच्या कॉलेजात शिकवत होता. त्या कॉलेजात कोण शिकत होतं? भारतात राज्य करायला येणारे अधिकारी. म्हणजे ही कल्पना बोटीनं आपल्याकडं आली.

१८७६ ला पाऊस फिरला. दख्खनमध्ये मोठा दुष्काळ पडला आणि सोलापूर जिल्हा त्याच्या ऐन मध्यावर होता. खाली कर्नाटक, मद्रासपर्यंत सगळं होरपळलं. कन्नड-तेलुगू मुलखात संवत्सरांच्या नावावरून त्याला धाता-ईश्वराचा दुष्काळ म्हणतात. दोन वर्षांत भारतात पन्नास लाखांहून जास्त माणसं गेली.

तेव्हा व्हाइसरॉय होता लॉर्ड लिटन. १ जानेवारी १८७७ ला त्यानं दिल्लीत दरबार भरवला, व्हिक्टोरिया राणीला भारताची सम्राज्ञी जाहीर करायला. इकडं माणसं मरतायत, तिकडं मेजवान्या. त्याच वर्षी त्यानं दुष्काळाचं कारण सांगितलं: इथली लोकसंख्या जमिनीतून येणाऱ्या अन्नापेक्षा वेगानं वाढते. टायटनवरचं भाषण आठवलं ना?

पण मला खरा व्हिलन म्हणून लिटनपेक्षा दुसरा माणूस दिसतो. त्याची ओरिजिन स्टोरी कुठल्याही पिक्चरला शोभेल अशी आहे. रिचर्ड टेंपल.

१८७३-७४ मध्ये बिहारमध्ये दुष्काळ पडला तेव्हा हा टेंपल बंगालचा कारभार बघत होता. त्यानं ब्रह्मदेशातून तांदूळ मागवला, लोकांना काम दिलं, धान्य दिलं. भूकबळी जवळजवळ झालेच नाहीत. आता तुम्ही म्हणाल, त्याचा सत्कार झाला असेल. झालं उलटं. एवढा खर्च केला म्हणून त्याच्यावर टीकेची झोड उठली. माणसं वाचवली हा गुन्हा ठरला, उधळ्या म्हणून नाव झालं.

तीन वर्षांनी, जानेवारी १८७७ मध्ये, याच टेंपलला लिटननं दुष्काळाचा खास प्रतिनिधी करून दख्खन आणि मद्रासकडं पाठवलं. आणि आता तो पूर्ण बदललेला माणूस होता. त्याला सिद्ध करायचं होतं की तो उधळ्या नाही. दुष्काळी कामावरच्या मजुराचं धान्य त्यानं दिवसाला एक पौंडावर आणलं. एक पौंड म्हणजे साडेचारशे ग्रॅम. दिवसभर खडी फोडायची, माती वाहायची, आणि वर चिल्लर पैसे. इतिहासात या मजुरीला ‘टेंपल मजुरी’ असंच नाव पडलं. दुष्काळ चालू असताना देशाबाहेर धान्य जातच होतं, ते थांबवलं नाही. रेल्वे सोलापूरला १८६० पर्यंत पोहोचली होती, रूळ होते, गाड्या होत्या. धान्य आणायची सोय होती. आणायचं की नाही, हा निर्णय होता.

म्हणून टेंपल मला थॅनॉसपेक्षा भीतीदायक वाटतो. त्याला दुसरा रस्ता माहीत नव्हता असं नाही. त्यानं स्वतः तो रस्ता चालून दाखवला होता. माणसं वाचवता येतात हे त्याला पाठ होतं, तरी त्यानं वहीतला खर्च वाचवला.

आणि या गोष्टीत अ‍ॅव्हेंजर्स कोण? पुण्याची सार्वजनिक सभा. गणेश वासुदेव जोशी, म्हणजे सार्वजनिक काका, आणि न्यायमूर्ती रानडे. त्यांनी गावोगावची माहिती गोळा केली, दुष्काळाचे खरे हाल लिहून सरकारकडं पाठवत राहिले. मजुरी कमी झाली तेव्हा हजारो मजुरांनी कामं सोडली, उपाशी माणसांनी संप केला, आणि सभा त्यांच्या बाजूनं उभी राहिली. याच दुष्काळानं पेटलेल्या वासुदेव बळवंत फडक्यांनी १८७९ मध्ये बंड केलं. केप कुणाच्याच अंगावर नव्हती.

१८:४० — व्हिलनला खरंच काय पाहिजे असतं?

टेंपलची गोष्ट कळली की ‘एंडगेम’मधला थॅनॉस नीट कळतो.

‘एंडगेम’मध्ये २०१४ सालचा थॅनॉस भविष्य बघतो. त्याला कळतं की आपण जिंकलो, अर्धे लोक गेले, पण उरलेले आभार मानत नाहीत. ते गेलेल्यांना आठवून रडतायत आणि सगळं उलटवायला बघतायत. आता हा माणूस जर खरोखर टंचाईच्या काळजीनं पेटला असता तर काय म्हणाला असता? ‘माझा उपाय चुकला.’ पण तो म्हणतो, आता अर्धं नाही, सगळंच विश्व फोडतो आणि नवं बनवतो. असं विश्व, ज्याला काय गमावलं ते माहीतच नसेल आणि जे कृतज्ञ असेल.

कृतज्ञ. पिक्चरमध्ये त्याचा मुखवटा तिथं पडतो. नवं विश्वच बनवता येत होतं तर नवी जमीन, नवं पाणी, दुप्पट धान्य बनवता आलं नसतं का? सहा मणी हातात होते. पण ते त्याच्या डोक्यातच आलं नाही, कारण टायटनवर लोक त्याला वेडा म्हणाले होते आणि त्याला फक्त बरोबर ठरायचं होतं. लोकांचं पोट हा विषय कधीच मागं पडला होता.

फॅन लोकांसाठी एक बारीक पुरावा. थॅनॉस गमोराला सांगतो की तुझ्या ग्रहावर आता सगळी पोरं भरल्या पोटी झोपतात. पण २०१४ च्या ‘गार्डियन्स’मध्ये गमोराला अटक होते तेव्हा तिच्या नोंदीत काय दिसतं? आपल्या वंशातली शेवटची उरलेली. मग कुठली पोरं आणि कुठलं पोट? त्यानं परत जाऊन बघितलं तरी होतं का?

व्हिलनचं मोटिव्हेशन ओळखायची माझी सोपी कसोटी आहे. त्याला दुसरा, कमी रक्ताचा उपाय दाखवा. तो खूश झाला तर त्याला प्रश्न सोडवायचाय. चिडला तर त्याला स्वतःचं खरं करायचंय.

२१:१५ — १९७२: मागेल त्याला काम

आता परत बहात्तरला येऊ. पाऊस नाही, पीक नाही, विहिरी कोरड्या. १८७७ सारखीच अवस्था, पण निकाल वेगळा लागला. गुरं मेली, लोक पोटासाठी मुंबईला गेले, हाल झाले, ते खोटं नाही. तरी १८७७ सारखी लाखो माणसं भुकेनं मेली नाहीत. का?

कारण या वेळी कुणीतरी तोंडांऐवजी हात मोजले. वि. स. पागे हे विधान परिषदेचे सभापती. १९६५ मध्ये सांगली जिल्ह्यातल्या तासगाव तालुक्यात त्यांच्या कल्पनेवर एक प्रयोग झाला होता. गावात ज्याला काम पाहिजे त्याला सरकारनं काम द्यायचं, आणि कामही असं की गावाच्या उपयोगी पडेल. बहात्तरच्या दुष्काळात हीच कल्पना राज्यभर गेली. पाझर तलाव, नालाबांध, बंडिंग, रस्ते. मे १९७३ मध्ये जवळपास ५० लाख माणसं दुष्काळी कामांवर होती. बायका, पुरुष, सगळे. मस्टरवर नाव, हातात मजुरी, आणि मजुरीतून बाजारातलं धान्य.

पुढं १९७७ मध्ये याचा कायदा झाला, रोजगार हमी, आणि २६ जानेवारी १९७९ पासून तो लागू झाला. मागेल त्याला काम. यावरूनच पुढं २००५ चा देशभराचा कायदा आला. पैसा कुठून आला? शहरातल्या नोकरदारांकडून. त्यासाठी १९७५ मध्ये व्यवसाय कर लावला. पहिली नोकरी लागली की पगाराच्या स्लिपवर ‘पीटी’ म्हणून महिन्याला दोनशे रुपये कापलेले दिसतात ना, आणि आपण शिव्या घालतो? त्याचं मूळ तिथं आहे. शहरातल्याचे दोनशे रुपये, खेड्यातल्याची भाकरी. बघा, हाही एक सौदाच. फक्त यात कुणाचा जीव द्यावा लागत नाही.

अमर्त्य सेन यांनी १९८१ च्या पुस्तकात हेच सांगितलं. दुष्काळात माणूस मरतो तो बाजारात धान्य नाही म्हणून मरतोच असं नाही. बऱ्याचदा धान्य असतं, ते घ्यायची ऐपत त्याच्याकडं उरलेली नसते. हातात मजुरी आली की तोच माणूस जगतो.

आणि लोकसंख्येचा मुद्दा अगदीच खोटा आहे असंही मी म्हणत नाही. पण तो कसा सुटला बघा. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात महाराष्ट्राचा जननदर १.७ आलाय, म्हणजे एका बाईमागं सरासरी दोनपेक्षा कमी मुलं. पोरी शिकल्या, दवाखाने जवळ आले, बाळं जगायला लागली, आणि लोकांनी आपणहून ठरवलं. कुणी चुटकी वाजवली नाही.

२४:५० — मग आपलं पाणी कुठं जातं?

शेवटचा मुद्दा, आणि हा आपल्या नळाचा आहे.

उजनीत साधारण ११७ टीएमसी पाणी मावतं. त्यातलं ६३ च्या आसपास मृतसाठा. उजनी ‘मायनस’मध्ये गेली असं आपण उन्हाळ्यात म्हणतो, तेव्हा हा मृतसाठा वापरायला सुरुवात झालेली असते. एवढं मोठं धरण जिल्ह्यात, आणि सोलापुरात पाणी चार-पाच दिवसांआड. साहजिकच कुणीतरी म्हणतं, लोकं लई झालीत.

पण थोडा हिशोब करा. आपल्या जिल्ह्यात वर्षाला सरासरी साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास पाऊस पडतो. उसाला त्याच्या कितीतरी पट पाणी लागतं. आणि साखर कारखाने राज्यात सगळ्यात जास्त आपल्याच जिल्ह्यात, तिसाच्या वर. केंद्राच्या कृषी मूल्य आयोगानं दाखवलंय की राज्यातली जेमतेम ४ टक्के पिकाखालची जमीन उसाची, आणि सिंचनाचं जवळपास ७० टक्के पाणी उसाला जातं.

लगेच ऊसवाल्या शेतकऱ्याला व्हिलन करू नका, नाहीतर आपणही थॅनॉससारखंच केलं. त्याच्या जागी उभं राहून बघा. ज्वारीचा भाव कधी पडेल सांगता येत नाही, तुरीचं तसंच. उसाला सरकारनं ठरवलेला दर आहे, घ्यायला कारखाना आहे. घरात लग्न काढायचं असेल, पोराची फी भरायची असेल, तर माणूस भरवशाचंच पीक लावणार. ज्वारी, तूर, करडईला तसाच भरवसा मिळाला, ठिबक सगळीकडं पोहोचलं, तर पाणी उरेल. शहरातली पाइपलाइन गळायची थांबली तर आणखी उरेल. ही कामं कंटाळवाणी आहेत. त्यावर पिक्चर निघणार नाही. चुटकी वाजवण्यापेक्षा ती अवघड आहेत, कारण त्यात कुणाला तरी बसून वाटप करावं लागतं आणि वाटप केलं की कुणीतरी नाराज होतं.

‘लोकं लई झालीत’ या वाक्याची गंमतच ही आहे. ते एकदा म्हटलं की पुढं काही विचारावं लागत नाही. पाणी कुणाला किती गेलं, कुणी ठरवलं, कुठं गळलं, काही नाही. आणि थॅनॉस तरी चिठ्ठ्या टाकतो. आपल्याकडं चिठ्ठी कधीच टाकली जात नाही. टंचाई आली की आधी कुणाचा नळ कोरडा पडतो ते तुम्हाला माहीत आहे. झोपडपट्टीच्या टोकाचा. हद्दवाढीतल्या शेवटच्या गल्लीचा. ‘लोकं लई झालीत’ म्हणणारा स्वतःला कधीच त्या जास्तीच्या लोकांत धरत नाही.

म्हणून पुढच्या वेळी टँकरपाशी कुणी थॅनॉसचं नाव काढलं तर भांडू नका. त्याला एवढंच विचारा: बहात्तरला आपण निम्मे होतो, तेव्हा काय झालं होतं रे? उत्तर त्याच्या घरातल्या म्हाताऱ्या माणसाकडं असेल. तो मोबाईल खाली ठेवून त्यांना विचारायला गेला, तरी पुष्कळ झालं.

तुमच्या घरात बहात्तरच्या आठवणी असतील तर रेकॉर्ड करून ठेवा. आज्जी सुकडीबद्दल सांगत असेल तर फोनचा रेकॉर्डर चालू करा, दोन मिनिटं का होईना. ती माणसं आता थोडी राहिलीत.

पुढच्या भागात किलमाँगर घेऊ, कारण त्याचं प्रकरण थॅनॉसपेक्षा अवघड आहे. त्याच्या बाबतीत माझं स्वतःचंच मत अजून ठरेना. तोवर भेटू. पाणी जपून वापरा.